एका वाटीत अन्न किती? : घरातील शिधा आणि भाज्यांचे सूप

सूप म्हटले की आपल्या डोळ्यांसमोर हॉटेलातील पांढरी वाटी, तिच्यातील पातळसर रस आणि वर तरंगणारी कोथिंबीर उभी राहते. हा पदार्थ आपला नव्हे. तो श्रीमंतांच्या जेवणाचा आरंभ किंवा आजाऱ्याचे पथ्य, अशी समजूत आपल्या वस्त्यांत सर्वत्र आढळते. वस्तुतः डब्यातील डाळ, पिठाच्या डब्यातील मूठभर पीठ, टोपलीतील कांदा आणि मिळेल ती भाजी यांचे गरम, पोटभरीचे कालवण आपल्या आज्या पिढ्यान्‌पिढ्या करीत आल्या. त्याला त्यांनी सूप म्हटले नाही, एवढाच फरक.

प्रस्तुत पाठात या साध्या पदार्थाची कृती दिली आहे. परंतु केवळ कृतीसाठी हा लेख लिहिलेला नाही. अन्न पातळ करून वाढणे हा जगभर गरिबांच्या वाट्याला आलेला अनुभव आहे. म्हणून सूपाविषयी विचारावयाचा मुख्य प्रश्न चवीचा नसून प्रमाणाचा आहे : एका वाटीत अन्न किती आणि पाणी किती? हा प्रश्न इतिहासाला विचारता येतो, विज्ञानाला विचारता येतो आणि आपल्या भोजनगृहातील पातेल्यालाही विचारता येतो. विद्यार्थ्यांनी तो तिन्ही ठिकाणी विचारावा, हा या पाठाचा हेतू आहे.

१. शब्दाचा मागोवा

धान्य पाखडण्याचे सूप हा मराठी शब्द संस्कृत ‘शूर्प’ या शब्दापासून आला. खाण्याचे सूप मात्र निराळे. इंग्रजांनी आणलेला ‘सूप’ हा शब्द त्यांच्याकडे फ्रेंच भाषेतून आला आणि मुळात त्याचा अर्थ रसात भिजवलेला पाव असा होता. पण इंग्रज येण्यापूर्वी कित्येक शतके आपल्याकडे ‘सूप’ हा शब्द नांदत होता. संस्कृतात शिजवलेल्या डाळीला सूप म्हणत आणि आचाऱ्याला सूपकार म्हणत. दोन शब्द दोन दिशांनी आले आणि योगायोगाने एकसारखे दिसू लागले.

पाली वाङ्मयात तर या शब्दाची नेमकी व्याख्या आढळते. भिक्खूंच्या भोजनाचे नियम सांगताना विनयपिटकात सूप म्हणजे मुगाचे अथवा उडदाचे सूप, असे स्पष्ट केले आहे. भिक्षा घेताना भात आणि सूप यांचे प्रमाण योग्य असावे, असा नियम आहे. त्याचबरोबर आणखी एक नियम आहे, तो वाचून आपल्या वसतिगृहातील मुलांना हसू येईल : अधिक मिळावे या हेतूने भिक्खूने सूप भाताखाली झाकून ठेवू नये. म्हणजे डाळ भाताखाली दडवून ‘मला वाढलेच नाही’ असे भासविण्याची युक्ती किमान दोन हजार वर्षे जुनी आहे! या नियमामागील तत्त्व मात्र गंभीर आहे. एकाने अधिक घेतले तर ते दुसऱ्याच्या वाट्याचे असते. वाटणीचा विचार हा धम्माच्या आचारात असा अगदी पात्रापर्यंत उतरलेला आहे.

विनयपिटकातील महावग्गात औषधांचे एक प्रकरण आहे. त्यात आजारी भिक्खूला डाळीचे साधे यूष घेण्याची अनुज्ञा दिलेली आहे. त्याच प्रकरणात यागू, म्हणजे तांदळाची पेज, हिचे दहा गुण सांगितले आहेत. ती बळ देते, भूक व तहान भागविते, पचनास साहाय्य करते, अशा आशयाचे ते वर्णन आहे. बौद्ध परंपरेत अन्नाकडे अपवित्र-पवित्र या दृष्टीने न पाहता शरीरावर होणाऱ्या परिणामाच्या दृष्टीने पाहिले गेले, हे यावरून ध्यानात येते.

२. ओंजळभर यूष आणि मध्यम मार्ग

मज्झिम निकायातील महासच्चक सुत्तात तथागतांनी आपल्या कठोर तपश्चर्येच्या काळाचे वर्णन केले आहे. त्या काळात ते एका वेळी केवळ ओंजळभर यूष घेत. ते यूष मुगाचे, कुळथाचे, नाही तर वाटाण्यासारख्या कडधान्याचे असे. कुळीथ म्हणजे आपल्या मराठवाड्यातील हुलगा. या आहारावर त्यांचे शरीर इतके कृश झाले की पोटाच्या कातडीला हात लावला असता पाठीचा कणा हाती लागे. पुढे त्यांनी विचार केला की अशा क्षीण देहाने ज्ञानाची प्राप्ती होणे कठीण आहे. त्यांनी भात व लापशीसारखे घट्ट अन्न ग्रहण केले. त्यांच्या बरोबरचे पाच तपस्वी त्यामुळे नाराज होऊन निघून गेले, तरी त्यांनी आपला निर्णय बदलला नाही.

या प्रसंगाकडे आपण बहुधा अध्यात्माच्या बाजूने पाहतो. त्यात आहारशास्त्राचाही एक मोठा धडा आहे. मूग वाईट नव्हता, कुळीथही वाईट नव्हता. दोन्ही उत्तम अन्न होते. पण ते ओंजळभर होते आणि पातळ होते. उत्तम पदार्थसुद्धा प्रमाणाने कमी पडला तर उपासमारच होते. भुकेल्या पोटाने बुद्धी चालत नाही, हे ज्यांनी स्वतः अनुभवून सांगितले, त्यांच्या नावाने चाललेल्या निवासी शाळेत मुलाच्या वाटीतील डाळ मोजणे, हा म्हणूनच दुय्यम विषय मानता येत नाही.

३. उपकाराचे सूप

आता इतिहासाकडे वळू. १८४५ मध्ये आयर्लंडमध्ये बटाट्यावर रोग पडला आणि भीषण दुष्काळ सुरू झाला. आयर्लंड त्या काळी ब्रिटिश सत्तेखाली होते. १८४७ मध्ये सरकारने सूपाची अन्नछत्रे उघडण्याचा कायदा केला आणि त्या वर्षीच्या जुलैपर्यंत रोज सुमारे ३० लाख लोक त्या सूपावर जगू लागले. इतक्या माणसांना शिजवलेले अन्न पोहोचविता येते, हे त्या प्रयोगाने सिद्ध केले. परंतु काही महिन्यांतच ही केंद्रे बंद करण्यात आली, दुष्काळ मात्र संपला नव्हता.

त्याच वर्षी लंडनचा प्रसिद्ध आचारी अलेक्सिस सोयर याने डब्लिन येथे एक आदर्श सूपघर उभारले. लोकांना घंटा वाजवून आत सोडीत. वाट्यांना चमचे साखळीने बांधलेले असत. ठरावीक मिनिटे झाली की दुसरी घंटा होई आणि पुढची तुकडी आत येई. उद्घाटनाच्या दिवशी प्रतिष्ठित मंडळी पैसे देऊन गरिबांचे जेवण पाहण्यास आली होती. सोयरचे सूप स्वस्त होते, चवीला बरे होते. परंतु त्यात पोषण पुरेसे नाही, अशी टीका तत्कालीन डॉक्टरांनी केली. पोट पाण्याने फुगते, पण भरत नाही, हा तिचा मथितार्थ होता.

आपल्याकडेही हेच घडले. १८७६-७८ च्या दुष्काळात सर रिचर्ड टेंपल याने मदतकार्यावरील मजुराची मजुरी उतरवून दिवसाला एक पौंड धान्य, म्हणजे सुमारे ४५० ग्रॅम, आणि वर किरकोळ पैसे इतकी ठरविली. खडी फोडणाऱ्या माणसाला हे पुरणार नाही, हे उघड होते. मुंबई इलाख्यातील हजारो मजुरांनी त्या मजुरीवर काम करण्यास नकार देऊन मदतकार्याची ठिकाणे सोडली. माणसाला जगविण्यासाठी कमीत कमी किती अन्न लागते, याचा हिशेब वर बसलेले लोक करीत होते आणि तो हिशेब चुकीचा आहे, हे उपाशी लोक आपल्या पायांनी सांगत होते.

याच दुष्काळात महात्मा जोतीराव फुले व क्रांतिज्योती सावित्रीबाई फुले यांच्या पुढाकाराने सत्यशोधक मंडळींनी धनकवडी येथे दुष्काळग्रस्त मुलांसाठी व्हिक्टोरिया बालाश्रम चालविला. सरकारी मजुरीमागे ‘कमीत कमी किती दिले म्हणजे मरणार नाहीत’ हा विचार होता. बालाश्रमामागे ‘मूल पोटभर जेवले पाहिजे’ हा विचार होता. अन्नदान आणि अन्नाचा हक्क यांतील अंतर या दोन विचारांत सामावलेले आहे.

४. उष्टे नाकारणे आणि चूल पेटविणे

आपल्या समाजाच्या वाट्याला शतकानुशतके आले ते शिळे, उष्टे आणि मेलेल्या जनावराचे मांस. गावकीची कामे करून दारोदार भाकरी मागून आणावी आणि त्या नाना घरच्या तुकड्यांवर रात्र काढावी, अशी रीत होती. १९ व २० मार्च १९२७ रोजी महाड येथे भरलेल्या परिषदेत बाबासाहेबांनी मृत मांस व उष्टे अन्न सोडण्याचा उपदेश केला. चवदार तळ्याचे पाणी आपण प्रतिवर्षी स्मरतो. त्याच परिषदेतील अन्नाचा हा विचार मात्र आपल्या स्मरणातून काहीसा मागे पडतो. पाण्याचा हक्क आणि ताज्या अन्नाचा आग्रह ही एकाच स्वाभिमानाची दोन रूपे होती.

इतिहासाचा योगायोग असा की त्याच १९२७ च्या सुमारास मुंबई शहराचा कचरा देवनारला टाकण्यास सुरुवात झाली. एकीकडे एक समाज दुसऱ्यांचे उष्टे नाकारीत होता आणि दुसरीकडे एका महानगराचे उष्टे कोठे पडावे, याची जागा ठरत होती. पुढे शहरातील झोपडपट्ट्या उठवून ज्यांना या भागात आणून बसविले, आणि १९७२ च्या दुष्काळाने होरपळून मराठवाडा, सोलापूर, नगरकडून जे मुंबईस आले, त्यांपैकी कित्येकांच्या चुली याच डोंगराच्या आसपास पेटल्या.

त्या चुलींवर शिजले काय? दुष्काळात सरकारी कामावर मिळालेली सुकडी आणि अमेरिकेहून आलेली लाल मिलो ज्वारी यांच्या आठवणी आजही जुनी माणसे सांगतात. पण त्याहून जुना असा एक ठेवा त्यांनी गाठोड्यातून बरोबर आणला होता. तो म्हणजे येसूर. धान्ये, डाळी आणि मसाले भाजून कुटून केलेली ही पूड डब्यात महिनोन्‌महिने टिकते. उकळत्या पाण्यात येसूर, कांदा, लसूण आणि हाताशी असेल ती भाजी टाकली की दाट कालवण तयार! आज दुकानात पाकिटातून मिळणारी सूपाची पूड पाहून आपण नवल करतो. आपल्या आज्यांनी ती कल्पना केव्हाच जात्यावर उतरविली होती. दुसरा ठेवा हुलग्याच्या माडग्याचा. भाजलेल्या हुलग्याचे पीठ पाण्यात शिजवून गूळ किंवा मीठ घालून ते गरम गरम पीत. सर्दी-पडशात तर ते हमखास होई. मराठवाड्यातील मांग-महारांच्या खाद्यपरंपरेची नोंद शाहू पाटोळे यांनी ‘अन्न हे अपूर्णब्रह्म’ (२०१५) या पुस्तकात केली आहे. ज्यांच्या स्वयंपाकाची कधी कोणी पाककृती लिहिली नाही, त्यांच्या चुलीचा तो दस्तऐवज आहे.

गोवंडीत या परंपरेला शेजारही लाभला. मुस्लिम घरातील दालचा व शोरबा, तमिळ घरातील रसम, बिहार-उत्तर प्रदेशाकडील सत्तू, यांचे वास एकाच गल्लीत मिसळतात. या सर्वांचे सूत्र एकच : थोडक्या शिध्यात जास्त माणसांचे पोट भरावे.

५. आपल्या दारातील आकडे

राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षण हे देशातील पोषणाचे सर्वांत विश्वसनीय मोजमाप मानले जाते. ते करणारी आंतरराष्ट्रीय लोकसंख्या विज्ञान संस्था गोवंडी स्थानकाच्या रस्त्यावर, देवनार येथे आहे, हे आपल्यापैकी किती जणांना ठाऊक आहे? या सर्वेक्षणाच्या पाचव्या फेरीनुसार (२०१९-२१) महाराष्ट्रातील पाच वर्षांखालील मुलांपैकी सुमारे ३५ टक्के मुले वयाच्या मानाने खुरटलेली आहेत. ६ ते ५९ महिने वयाच्या सुमारे ६९ टक्के बालकांना आणि १५ ते ४९ वर्षांच्या सुमारे ५४ टक्के स्त्रियांना रक्तक्षय आहे. आणि २००९ च्या मुंबई मानव विकास अहवालात शहराच्या सर्व प्रभागांत गोवंडी ज्यात येते तो एम-पूर्व प्रभाग सर्वांत तळाशी होता. देशाच्या भुकेचे आकडे जेथे मोजले जातात, तेथून चालत जाण्याच्या अंतरावर त्या भुकेची घरे आहेत.

याच सर्वेक्षणानुसार देशातील ६ ते २३ महिने वयाच्या बालकांपैकी सुमारे ११ टक्क्यांनाच पुरेसा आहार मिळतो. याची कारणे अनेक आहेत : उत्पन्न, पाणी, आईच्या कामाचे तास. पण एक कारण आपल्या स्वयंपाकघरातच आहे, ते म्हणजे ‘डाळीचे पाणी’. सहा महिने पूर्ण झालेल्या बाळाला वरणाच्या वरचे निवळ पाणी पाजण्याची आपल्याकडे प्रथा आहे. ते हलके असते हे खरे. पण त्यात डाळ नसते, आणि बाळाचे पोट एवढेसे असल्याने ते पाण्यानेच भरून जाते. आरोग्यसेविका सांगतात ती कसोटी सोपी आहे : बाळाचे अन्न चमच्यातून सहज ओघळून पडणार नाही इतके दाट असावे. वरचे पाणी मोठ्यांनी प्यावे आणि तळाची डाळ कुसकरून बाळाला द्यावी. घरातील वाटणी अशी उलटी करणे, यालाच आपल्या पाठाचा पहिला प्रयोग समजावे.

६. कृती : पाच जणांसाठी

साहित्य : मसूर किंवा मूग डाळ १५० ग्रॅम, ज्वारीचे पीठ ३० ग्रॅम (सपाट तीन-चार चमचे), भाजलेल्या शेंगदाण्याचे कूट ३० ग्रॅम, दोन मध्यम कांदे, एक टोमॅटो, मिळतील त्या भाज्या ४०० ग्रॅम, लसणाच्या सात-आठ पाकळ्या, तेल तीन चहाचे चमचे, जिरे, हळद, लाल तिखट, मीठ, एक लिंबू, पाणी सुमारे सव्वा लिटर.

भाज्यांविषयी आग्रह धरू नये. लाल भोपळा, दुधी, गाजर, कोबी, बटाटा, पालक, मेथी, अंबाडी, शेवग्याचा पाला यांपैकी जे स्वस्त असेल ते घ्यावे. मात्र त्यात एक तरी पालेभाजी असावी. फुलकोबीचे कोवळे देठ, मुळ्याचा पाला, कोथिंबिरीच्या काड्या आपण टाकून देतो. त्या बारीक चिरून सूपात घालाव्यात. संध्याकाळी बाजार उठताना भाजी स्वस्त होते. ती तेव्हाच घ्यावी, पण कुजका भाग काढून, पुष्कळ पाण्याने धुऊन आणि मगच चिरून.

पहिली पायरी. डाळ धुऊन अर्धा तास भिजत ठेवावी. यामुळे ती लवकर शिजते आणि गॅस वाचतो. डाळीऐवजी हुलगे घ्यावयाचे असल्यास ते रात्रभर भिजवावेत.

दुसरी पायरी. कुकरमध्ये डाळ, हळद, एक चिरलेला कांदा आणि भोपळा, गाजर, बटाटा अशा कठीण भाज्या घालून त्या बुडतील एवढे पाणी घालावे. मसूर-मुगाला दोन-तीन शिट्ट्या पुरतात. हुलग्याला पाच-सहा लागतात. कुकर निवल्यावर सर्व काही पळीने घोटावे. गाळू नये. गाळून टाकलेला चोथा हेच अन्न असते.

तिसरी पायरी. ज्वारीचे पीठ कोरड्या तव्यावर मंद आचेवर खमंग वास येईपर्यंत भाजावे. ते थंड झाल्यावर वाटीभर गार पाण्यात कालवावे. गरम पाण्यात थेट पीठ टाकल्यास गुठळ्या होतात, हे ध्यानात ठेवावे.

चौथी पायरी. पातेल्यात किंवा लोखंडी कढईत तेल तापवून जिरे, ठेचलेला लसूण आणि दुसरा कांदा परतावा. कांदा लालसर झाला की टोमॅटो व तिखट घालावे. मग घोटलेली डाळ आणि उरलेले पाणी ओतून उकळी आणावी. कालवलेले पीठ आणि शेंगदाण्याचे कूट घालून सतत ढवळीत सात-आठ मिनिटे उकळावे; पीठ कच्चे राहिल्यास पोट बिघडते.

पाचवी पायरी. पालेभाजी अगदी शेवटी घालावी आणि दोन-तीन मिनिटे शिजवावी. मीठ बेताने घालावे. गॅस बंद केल्यावर लिंबू पिळावे.

हे सूप त्याच वेळी संपवावे. मुंबईच्या दमट हवेत शिजलेली डाळ बाहेर ठेवल्यास रात्रीतून आंबते. उरल्यास शीतकपाटात ठेवून दुसऱ्या वेळी खळखळून उकळूनच घ्यावे. उकळल्यानेही आंबलेले अन्न चांगले होत नाही; वास बदलला असल्यास ते टाकून द्यावे.

७. असे का करावयाचे?

डाळ आणि ज्वारी एकत्र का? प्रथिने ही अनेक अमिनो आम्लांची बनलेली असतात. डाळींत लायसीन विपुल पण मेथिओनीन कमी असते. धान्यांत याच्या नेमके उलट. दोन्ही एकत्र आली की एकमेकांची उणीव भरून निघते. वरण-भात, पिठले-भाकरी, खिचडी या आपल्या सर्व जोड्यांमागे हेच शास्त्र आहे.

लिंबू का, आणि शेवटीच का? वनस्पतिजन्य अन्नातील लोह शरीरात सहजासहजी शोषले जात नाही. क जीवनसत्त्व सोबत असल्यास शोषण वाढते. पण हे जीवनसत्त्व उष्णतेने नष्ट होते. म्हणून लिंबू आच बंद केल्यावर पिळावयाचे. लोखंडी कढईत टोमॅटोसारखे आंबट पदार्थ शिजविल्यास कढईतील थोडे लोहही अन्नात उतरते. उलट, जेवणाबरोबर घेतलेला चहा लोहाच्या शोषणात अडथळा आणतो. जेवणानंतर लगेच चहा पिण्याची सवय रक्तक्षय असलेल्या स्त्रियांनी तरी सोडावी.

तेल कशासाठी? भोपळा, गाजर व पालेभाजीतील अ जीवनसत्त्वाचे पूर्वद्रव्य स्निग्ध पदार्थांच्या साहाय्यानेच शोषले जाते. तेल अजिबात नसलेले सूप हे वजन कमी करू इच्छिणाऱ्यांसाठी असेल. वाढत्या वयाच्या मुलांसाठी नाही.

आता मुख्य हिशेब. १०० ग्रॅम मसूर अथवा मूग डाळीत सुमारे २४-२५ ग्रॅम प्रथिने असतात, शेंगदाण्यातही जवळजवळ तितकीच. ज्वारीत सुमारे १० ग्रॅम. त्यावरून वरील पातेल्यात सुमारे ५० ग्रॅम प्रथिने व हजाराच्या आसपास उष्मांक भरतात. म्हणजे प्रत्येकी सुमारे १० ग्रॅम प्रथिने आणि २०० उष्मांक. ही वाटी निवळ पाण्याची खचित नव्हे. तरीही ती पूर्ण जेवण नव्हे. दोन ज्वारीच्या भाकरी सोबत घेतल्या की उष्मांक सहाशेच्या वर आणि प्रथिने वीस ग्रॅमच्या वर जातात. तेव्हा ते जेवण होते. सूप भाकरीची जागा घेऊ शकत नाही. ते भाकरीला सोबत देते. ओंजळभर यूषावर राहून तथागतांनी जे शिकविले, तेच हे अंकगणित सांगते.

८. भोजनगृहातील ओगराळे

हीच कृती शंभर मुलांसाठी करावयाची तर सर्व प्रमाणांना वीसने गुणावे : डाळ ३ किलो, ज्वारीचे पीठ ६०० ग्रॅम, शेंगदाण्याचे कूट ६०० ग्रॅम, भाज्या ८ किलो, कांदे ४०, टोमॅटो २०, तेल ३०० मिलिलिटर, लिंबे २०, पाणी २५ लिटर. शासनाच्या शालेय पोषण आहार योजनेत उच्च प्राथमिक वर्गातील मुलासाठी एका वेळी ३० ग्रॅम डाळ आणि ७५ ग्रॅम भाजी ठरलेली आहे. आपले प्रमाण डाळीत त्याइतकेच आणि भाजीत थोडे अधिक आहे. पाहुणे अचानक वाढले तर बादलीभर पाणी ओतण्याचा मोह होतो. त्याऐवजी मूठभर पीठ आणि डाळ वाढवावी, हे आचाऱ्याला आधीच सांगून ठेवावे.

मोठ्या पातेल्यात आणखी एक गोष्ट घडते. डाळ व भाजी तळाशी बसते आणि पाणी वर येते. वाढणाऱ्याने ओगराळे वरच्यावर बुडविले तर काहींना पाणी मिळते. तळापर्यंत घातले तर काहींना सगळी डाळ मिळते. पातेले एकच, शिधा एकच, तरी पंगतीत विषमता निर्माण होते. ज्यांच्या पूर्वजांना वरून, दुरून, हात न लागेल अशा बेताने वाढले गेले, त्यांच्या संस्थेत ही विषमता नकळतसुद्धा घडता कामा नये. उपाय अगदी साधा आहे : प्रत्येक वेळी तळापासून ढवळावे आणि मगच वाढावे. ही शिस्त आचाऱ्यांसाठी आहे तशीच वाढपी म्हणून उभ्या राहणाऱ्या विद्यार्थ्यांसाठीही आहे.

आपल्या चळवळीत वसतिगृहाची चूल ही शाळेच्या फळ्याइतकीच महत्त्वाची मानली गेली. बहिष्कृत हितकारिणी सभेने ४ जानेवारी १९२५ रोजी सोलापूर येथे वसतिगृह सुरू केले, कारण मूल आधी राहिले आणि जेवले पाहिजे, मग शिकेल. धारवाडच्या वसतिगृहातील मुलांचा शिधा संपला तेव्हा माता रमाईंनी आपले दागिने देऊन त्यांच्या जेवणाची सोय केली, ही आठवण आपल्या घराघरांत सांगितली जाते. स्वतः बाबासाहेबांनी लंडनमध्ये शिकताना किती तोकड्या आहारावर दिवस काढले, हे त्यांच्या चरित्रकारांनी नोंदविले आहे : सकाळी पावाचा तुकडा आणि बोव्हरिल, म्हणजे गरम पाण्यात कालविलेला मांसाचा अर्क, रात्री भूक असह्य झाली की भाजलेले पापड. त्यांचा तो त्याग आपण गौरवाने सांगतो. परंतु त्यातून ‘उपाशी राहूनच थोर होता येते’ असा धडा मुलांना देणे योग्य नव्हे. ते उपाशी राहिले ते पुढच्या पिढीने राहू नये म्हणून.

९. स्वाध्याय

१. आपल्या घरी एका वेळच्या वरणासाठी किती डाळ घेतात, ती वाटीने मोजा. जेवणाऱ्या माणसांच्या संख्येने भागा. प्रत्येकाच्या वाट्याला किती ग्रॅम येते, ते लिहा.

२. आजी-आजोबांना विचारून त्यांच्या गावी होणाऱ्या पातळ कालवणांची नावे, साहित्य व ती कोणत्या ऋतूत करीत, याची नोंद करा. येसूर घरी करीत असल्यास त्यातील प्रत्येक जिन्नस लिहून घ्या. ही नोंद म्हणजे इतिहासाचे साधन आहे, हे लक्षात ठेवा.

३. एका काचेच्या भांड्यात शिजलेली डाळ न ढवळता अर्धा तास ठेवा. वर पाणी किती आणि खाली डाळ किती, ते पट्टीने मोजा. वाढप्याने ओगराळे कसे घालावे, हे या प्रयोगाच्या आधारे पाच ओळींत सांगा.

४. आयर्लंडमधील सूपघर आणि धनकवडीचा बालाश्रम यांत जेवणाऱ्याच्या मानाच्या दृष्टीने कोणता फरक दिसतो? आपल्या वस्तीतील एखाद्या अन्नवाटपाशी त्याची तुलना करा.

५. शेजारच्या घरात सहा महिन्यांहून मोठे बाळ असल्यास त्याच्या आईशी आपल्या आईला बोलावयास सांगा. डाळीचे पाणी नव्हे, डाळ. एवढा एकच निरोप पोहोचवा.